बंदी पैशाला नव्हतीच

१९ ऑगस्ट १८६५ रोजी मँचेस्टरच्या रॉयल ओक मैदानावर विल्यम लँग आणि विल्यम रिचर्ड्स हे दोन धंदेवाईक धावपटू एक मैल धावले आणि एकाच क्षणी रेषेवर पोचले. वेळ लागली ४ मिनिटे सव्वासतरा सेकंद. सात महिन्यांनी, २३ मार्च १८६६ रोजी, लंडनच्या वॉलहॅम ग्रीन भागात ब्यूफोर्ट हाउसच्या मैदानावर इंग्लंडमधल्या हौशी धावपटूंची पहिली अजिंक्यपद स्पर्धा भरली. तिथला मैल केंब्रिजच्या चार्ल्स लॉजने जिंकला, ४ मिनिटे ३९ सेकंदांत. दोघांच्या वेळांत जवळपास बावीस सेकंदांचा फरक. दोन्ही शर्यती एकाच मैदानावर झाल्या असत्या, तर लँग आणि रिचर्ड्स रेषेवर पोचले तेव्हा विजेते लॉजसाहेब सव्वाशे मीटर मागे असते.

हा फरक ध्यानात ठेवून मग ती स्पर्धा भरवणाऱ्या अ‍ॅमॅच्युअर अ‍ॅथलेटिक क्लबची हौशी खेळाडूची व्याख्या वाचावी. खुल्या स्पर्धेत उतरलेला नको. गेटच्या पैशासाठी धावलेला नको. धंदेवाईकांबरोबर बक्षिसासाठी पळालेला नको. आयुष्यात कधीही व्यायाम शिकवून पोट भरलेला नको. इथवर एक वेळ समजून घेता येते. पण पहिल्या दोनेक वर्षांतच या व्याख्येला आणखी एक शेपूट जोडले गेले: तो यंत्रकामगार, कारागीर किंवा मजूर नसावा. त्याने धावण्यापायी कधी एक पेनीही घेतली नसली तरी. दिवसभर भट्टीपुढे घण मारून संध्याकाळी निव्वळ मौजेसाठी पळणारा लोहार हौशी नव्हे. वडिलांच्या जमिनीच्या उत्पन्नावर जगणारा आणि मित्रांबरोबर पैजा लावणारा तरुण मात्र अस्सल हौशी. मराठी वाचकाला हे उलगडून सांगायची गरज पडू नये. हाताने काम करणाऱ्याला पंगतीबाहेर बसवण्याची रीत आपल्याला नवी नाही. इथे ती छापील नियमावलीत आली होती, एवढेच.

या कलमाचे समर्थनही मोठे मासलेवाईक होते. अंगमेहनतीची कामे करणाऱ्यांचे स्नायू आपोआप घडतात, त्यामुळे त्यांना बैठ्या सभ्य गृहस्थांवर गैरफायदा मिळतो म्हणे. म्हणजे मजुराचे दहा-बारा तासांचे कष्ट हा सराव, आणि ऑक्सफर्ड-केंब्रिजच्या विद्यार्थ्याची मोकळी दुपार, पोटभर मांस, कॉलेजचे मैदान हे सगळे काहीच नाही! खरे दुखणे त्या बावीस सेकंदांचे होते. ज्यांच्याकडून हरण्याची भीती आणि ज्यांच्याकडून हरण्याची लाज, ते दोघेही एकाच कलमात बाहेर गेले.

आज हा इतिहास काढायचे कारण साधे आहे. खेळ पैशाने नासला, पूर्वी लोक खेळाच्या प्रेमापोटी खेळत, असे म्हणणारे आजही भरपूर आहेत आणि त्यांच्या मनातले ते 'पूर्वी' बहुतेक वेळा व्हिक्टोरिया राणीच्या काळातल्या इंग्लंडमध्ये घडवलेले असते. एप्रिल २०२४ मध्ये जागतिक अ‍ॅथलेटिक्स संघटनेने पॅरिस ऑलिंपिकमधल्या प्रत्येक सुवर्णविजेत्या अ‍ॅथलीटला पन्नास हजार डॉलर देण्याचे जाहीर केले, तेव्हा इतर खेळांच्या संघटनांमधून ऑलिंपिकच्या मूल्यांची आठवण करून देणारे सूर निघालेच. त्या मूल्यांची जन्मकुंडली तपासली, तर हौशीपणाच्या नियमांनी पैसा खेळाबाहेर कधीच ठेवला नाही, असे दिसते. त्यांनी पैशाची गरज असलेल्या माणसांना बाहेर ठेवले.

धंदेवाईक शर्यतींचे जग धुतल्या तांदळाचे नव्हते, हे मात्र मान्य करायला हवे. तिथे निकाल आधी ठरत, चांगले धावणारे मुद्दाम मागे राहून पुढच्या शर्यतीत सवलत, म्हणजे सुरुवातीलाच काही अंतराची आघाडी, मिळवत, खोट्या नावांनी उतरत. शेफील्डच्या सवलतीच्या शर्यतींवर बुकींची हुकमत होती. लंडनच्या लिली ब्रिज मैदानावर सप्टेंबर १८८७ मध्ये हॅरी हचेन्स आणि हॅरी जेंट या दोन नामांकित वेगवान धावपटूंची शर्यत ठरली होती. पैज लावणाऱ्यांच्या टोळ्यांत बिनसले, शर्यत झालीच नाही, आणि पैसे मोजून आत आलेल्या गर्दीने मैदानाची मोडतोड करून ते पेटवून दिले. अशा धंद्याला शिस्त लावावी असे कोणाला वाटले, तर त्यात गैर काही नाही.

पण पैज ही कामगारांची खोड होती का? १८०९ मध्ये न्यूमार्केटला हजार तासांत हजार मैल, दर तासाला एक मैल असे, चालून हजार गिनींची पैज जिंकणारे कॅप्टन बार्कले हे स्कॉटलंडमधले जमीनदार होते. शर्यतींवर मोठ्या रकमा लावायला मुळात मोठ्या रकमा असाव्या लागतात. रोग सट्ट्याचा होता, तर औषधही सट्ट्यावरचे हवे होते: पंच नेमा, धावपटूंची नोंद ठेवा, लबाडी करणाऱ्याला हाकला. त्याऐवजी लोहार-सुतारांना दार बंद केले. आणि जळालेले ते लिली ब्रिज मूळचे कोणाचे? १८६९ मध्ये ते याच सभ्य हौशी क्लबने उघडले होते. तिथे हौशींची अजिंक्यपदेही होत आणि गर्दी खेचणाऱ्या धंदेवाईक शर्यतीही. भाडे घेताना मैदान बाटत नसे.

तेव्हा दुसरा रस्ता माहीत नव्हता, असेही नाही. श्रॉपशरमधल्या मच वेनलॉक या लहानशा गावात डॉ. विल्यम पेनी ब्रूक्स १८५० पासून 'ऑलिंपियन' खेळ भरवत होते. गावातल्या सर्व थरांतल्या माणसांनी त्यात उतरावे, असा त्यांचा स्पष्ट हेतू होता. धावणे, उड्या यांच्या जोडीला म्हाताऱ्या बायकांची शर्यतही असे, बक्षीस एक पौंड चहा. (हौशीपणाच्या सोवळ्या इतिहासात या आज्जींना जागा नाही. व्हिक्टोरियन अ‍ॅथलेटिक्सच्या संघटनांत बायकांना शिरकावच नव्हता. इंग्लंडच्या महिला अ‍ॅथलीटांची स्वतंत्र संघटना उभी राहायला १९२२ उजाडले.) ब्रूक्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी नोव्हेंबर १८६५ मध्ये राष्ट्रीय ऑलिंपियन संघटना स्थापली, आणि त्यानंतर काही महिन्यांतच लंडनमध्ये सभ्य गृहस्थांचा तो अ‍ॅमॅच्युअर अ‍ॅथलेटिक क्लब निघाला. आधुनिक ऑलिंपिकचे प्रवर्तक क्यूबर्टिन १८९० मध्ये वेनलॉकला येऊन ब्रूक्सना भेटले, त्यांचे खेळ पाहून भारावले. पण आधुनिक ऑलिंपिकने वेनलॉककडून समारंभ आणि उत्साह घेतला, खेळाडूची व्याख्या घेतली ती लंडनच्या क्लबांच्या परंपरेतली. ब्रूक्स डिसेंबर १८९५ मध्ये वारले. अथेन्सचे खेळ चार महिन्यांवर होते.

१८८० मध्ये थोडे शहाणपण आले. उत्तर इंग्लंडमधले क्लब वैतागले होते. अजिंक्यपद स्पर्धा वसंतात होई, कारण ती विद्यापीठांच्या होड्यांच्या शर्यतीच्या सुमारास असणे कॉलेजच्या पोरांच्या सोयीचे होते. क्लेमेंट जॅक्सन, माँटेग्यू शर्मन आणि बर्नहार्ड वाइज या ऑक्सफर्डच्या तिघांनी पुढाकार घेतला, २४ एप्रिल १८८० रोजी तिथल्या रँडॉल्फ हॉटेलात बैठक झाली आणि अ‍ॅमॅच्युअर अ‍ॅथलेटिक असोसिएशन जन्माला आली. स्पर्धा उन्हाळ्यात गेली. मजूर-कारागिरांवरचे कलम गळले. हे मोठे पाऊल होते आणि त्याचे श्रेय त्या तिघांना दिलेच पाहिजे. नौकानयनवाल्यांनी तेच कलम १९३७ पर्यंत उराशी धरून ठेवले होते. १९२० मध्ये अमेरिकेच्या जॅक केलीला इंग्लंडमधल्या हेन्लीच्या होड्यांच्या शर्यतीत प्रवेश नाकारला गेला. त्याच्या क्लबवर जुना राग होता हे खरे, पण तो पूर्वी गवंडीकाम केलेला माणूस आहे, हा आक्षेपही होताच. त्याच उन्हाळ्यात त्याने अँटवर्पला ऑलिंपिक सुवर्ण जिंकले.

कलम गळले, तरी गणित तेच राहिले. कामगाराला आता पळायची परवानगी होती, पण त्यासाठी कामावर खाडा करून बुडणारी मजुरी भरून घ्यायची परवानगी नव्हती. धावल्याबद्दल रोख रक्कम मिळणार नाही. मिळेल ते घड्याळ, चांदीचा पेला, काट्याचमच्यांचा संच. गरजवंताने ते गहाण टाकावे किंवा विकावे आणि कोणी विचारले तर गप्प बसावे. तिकडे गेटवर जमणाऱ्या पैशावर क्लब चालत होते. लोक ज्याला पाहायला पैसे मोजून येत, तो सोडून बाकी सगळ्यांना त्यातला वाटा मिळे. मग आयोजक पाकिटातून हळूच काही सरकवू लागले. १८९६ मध्ये संघटनेने हिशेब तपासून आल्फ्रेड डाउनर, चार्ल्स ब्रॅडली, फ्रेड बेकन अशा आघाडीच्या धावपटूंना शर्यतीला हजर राहण्याचे पैसे घेतल्याबद्दल बाद केले. ज्या खेळाडूंनी मैदाने भरली, तेच गुन्हेगार ठरले. रग्बीत हाच वाद आदल्या वर्षी टोकाला गेला होता. बुडालेल्या मजुरीच्या भरपाईवरून उत्तरेकडच्या क्लबांनी हडर्सफील्डला वेगळी चूल मांडली आणि तो खेळ कायमचा दुभंगला.

या सगळ्यात वॉल्टर जॉर्जची गोष्ट मला सर्वात बोलकी वाटते. विल्टशरमधला, औषधांच्या दुकानात उमेदवारी केलेला हा उंच मुलगा १८८४ पर्यंत हौशी मैलाचा विक्रम ४ मिनिटे १८.४ सेकंदांवर घेऊन गेला. देशात त्याच्या तोडीचा एकच माणूस होता, स्कॉटलंडच्या पेझलीचा विल्यम कमिंग्ज, आणि तो धंदेवाईक. दोघांनी एकत्र पळावे असे साऱ्या इंग्लंडला वाटत होते. जॉर्जने संघटनेकडे परवानगी मागितली: माझा वाटा इस्पितळाला देईन, पण मला त्याच्याशी धावू द्या. उत्तर नकाराचे आले. दोन माणसांपैकी जास्त वेगाने कोण धावते, हे पाहण्यासाठी जन्मलेला खेळ, आणि त्याच्याच रखवालदारांना ते पाहायचे नव्हते. शेवटी १८८५ मध्ये जॉर्जने हौशीपण सोडले. २३ ऑगस्ट १८८६ रोजी, त्याच लिली ब्रिजवर, खच्चून भरलेल्या गर्दीपुढे दोघे एक मैल धावले. शेवटच्या फेरीत कमिंग्ज कोसळला आणि जॉर्ज ४ मिनिटे पावणेतेरा सेकंदांत रेषेवर पोचला. ही वेळ गाठायला जगाला जवळपास तीस वर्षे लागली. १९१५ मध्ये नॉर्मन टेबरने ती सेकंदाच्या किरकोळ अंशाने मागे टाकली. तोवर अधिकृत हौशी विक्रम वेगळे होते आणि माणसाने प्रत्यक्ष केलेला विक्रम वेगळा.

त्याच १८८६ च्या जुलैत स्टॅमफर्ड ब्रिजवर हौशींच्या अजिंक्यपदात शंभर यार्डांची शर्यत दहा सेकंदांत जिंकणारा आर्थर व्हॉर्टन हा आक्राचा, आजच्या घानाचा. इंग्लंडमध्ये तो धर्मप्रचारक शिक्षक व्हायला आला होता. पुढल्या वर्षीही तो जिंकला, मग १८८८ मध्ये शेफील्डला धंदेवाईक शर्यतींत उतरला, फुटबॉलमध्येही धंदेवाईक गोलरक्षक झाला. उत्तरायुष्य यॉर्कशरच्या कोळसाखाणीत राबण्यात गेले. १९३० मध्ये तो वारला आणि १९९७ पर्यंत त्याच्या थडग्यावर नावाचा दगडही नव्हता. धंदेवाईक झाल्यामुळे तो श्रीमंत झाला असे नाही. पण हौशी राहणे त्याला परवडणारे नव्हते, एवढे नक्की.

आणि ज्यांना ते परवडे, ते कसे राहत? १८६६ च्या जुलैअखेर ओव्हलवर अठरा वर्षांच्या डब्ल्यू. जी. ग्रेसने सरेविरुद्ध नाबाद २२४ केल्या. सामना चालू असतानाच कर्णधाराने त्याला सोडले आणि ग्रेस क्रिस्टल पॅलेसवर जाऊन, राष्ट्रीय ऑलिंपियन संघटनेच्या खेळांत, ४४० यार्ड अडथळ्यांची शर्यत सत्तर सेकंदांत जिंकून आला. क्रिकेटमध्ये ग्रेस जन्मभर 'जंटलमन', म्हणजे हौशी. धावफलकावर आद्याक्षरे नावाच्या आधी छापली जाण्याचा मान त्याचा. पण १८९१-९२ च्या ऑस्ट्रेलिया दौऱ्यासाठी लॉर्ड शेफील्डकडून त्याने तीन हजार पौंड घेतले, आणि १८९५ मध्ये त्याच्यासाठी जमलेला निधी नऊ हजार पौंडांच्या वर गेला. त्या काळच्या कोणत्याही धंदेवाईक क्रिकेटपटूने असला आकडा स्वप्नातही पाहिला नसेल. ग्रेसने पैसे घेतले याचा मला राग नाही. इतका लोकप्रिय माणूस फुकट का खेळेल? पण खर्च, मानधन, गौरवनिधी अशी नावे दिली की पैसा शुद्ध होतो आणि मजुरी म्हटले की बाटतो, हा सोयीचा न्याय तिथे घडला.

हाच न्याय ऑलिंपिकच्या पोटातून आपल्याकडे आला. व्हिक्टोरिया राणीच्या कारकिर्दीच्या अखेरच्या वर्षात, १९०० मध्ये, कलकत्त्याचा नॉर्मन प्रिचर्ड लंडनच्या त्या हौशी अजिंक्यपदात अडथळ्यांच्या शर्यतीत दुसरा आला आणि पुढे पॅरिसला दोन रौप्यपदके घेऊन गेला. पण भारतातून संघ जाण्याची सुरुवात पुण्यात झाली. डेक्कन जिमखान्याच्या स्पर्धांत अनवाणी धावणारी शेतकऱ्यांची पोरे पाहून दोराबजी टाटांना वाटले की ही मुले युरोपातही उभी राहतील. १९२० मध्ये अँटवर्पला गेलेल्या संघात बेळगावचे फडेप्पा चौगुले होते; मॅरेथॉनमध्ये ते एकोणिसावे आले. पैसा उभा राहिला टाटांच्या खिशातून आणि मदत मागून. सराव, बोटीचे भाडे, परदेशातला मुक्काम यांसाठी हौशी खेळाडूच्या घरी पैसा असतोच, हे नियमांनी गृहीत धरले होते. शेतकऱ्याच्या घरी तो नव्हता.

आपल्या तालमींना असला पेच कधी पडला नव्हता. शाहू महाराजांच्या कोल्हापुरात मल्लाला दरबारातून खुराक मिळे, जिंकला की इनाम मिळे, आणि त्याने त्याची कुस्ती विटाळली असे कोणी म्हणत नसे. गोळेश्वरच्या खाशाबा जाधवांची गोष्ट मराठी घरांत सगळ्यांना पाठ आहे: १९५२ च्या हेलसिंकीसाठी गावाने वर्गणी काढली आणि राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी स्वतःचे घर सात हजारांना गहाण टाकले. आपण ती त्यागाची कथा म्हणून सांगतो, ती आहेच. पण ती एका व्यवस्थेच्या दिवाळखोरीचीही कथा आहे. स्वतंत्र भारताचे पहिले वैयक्तिक पदक एका प्राचार्यांच्या घरावरच्या कर्जातून आले. पदक मिळाल्यावर खाशाबांनी पोट भरले ते पोलिसात फौजदार म्हणून.

या फौजदारकीपाशी जरा थांबायला हवे, कारण ही पद्धत अजून चालू आहे. अ‍ॅथलेटिक्सच्या जागतिक संघटनेने आपल्या नावातून 'हौशी' हा शब्द २००१ मध्ये काढला. आपण मात्र खेळाडूला पगार देतो तो तिकीट तपासनीस म्हणून, हवालदार म्हणून, लिपिक म्हणून. तो धावतो, पण त्याचे पद भलतेच असते. ग्रेसच्या 'खर्चा'चाच हा सरकारी अवतार म्हणायचा. यात बिचाऱ्या खेळाडूचा दोष नाही, नोकरी देणाऱ्या रेल्वे-लष्कराचाही नाही. त्यांनी नोकऱ्या दिल्या नसत्या तर भारतीय अ‍ॅथलेटिक्स उभेच राहिले नसते. दोष आपल्या संकोचाचा आहे. धावणे हेच काम आहे आणि त्याचा मोबदला द्यायचा असतो, हे उघड म्हणायला आपण अजून लाजतो. म्हणून पॅरिसमध्ये नेमबाजीत ब्राँझ जिंकणाऱ्या कोल्हापूरच्या स्वप्नील कुसाळेच्या घरच्यांनी बक्षिसाच्या रकमेवर जाहीर नाराजी व्यक्त केली, तेव्हा ती मागणी रास्त की अवास्तव यावर वाद घालता आला असता. पण अशा वेळी आपल्याकडे हमखास येणारा प्रश्न असतो: देशासाठी खेळतात की पैशासाठी? हा प्रश्न इस्रोच्या शास्त्रज्ञाला किंवा न्यायाधीशाला कोणी विचारत नाही. ते देशाचे काम करतात आणि महिन्याला पगार घेतात.

पैशाने नवे रोग येतात, याची मला जाणीव आहे. उत्तेजके, दलाल, वय लपवणे, निवडीतला वशिला हे सगळे पैशामागून येते. पण ते पैसा नसतानाही होते. शीतयुद्धातले पूर्व युरोपीय खेळाडू कागदोपत्री हौशीच होते आणि त्यांना उत्तेजके सरकारनेच पुरवली. सट्ट्यावर औषध म्हणून मजुरांना बंदी घालणे जितके गैरलागू होते, तितकेच उत्तेजकांवर औषध म्हणून निर्धनपणाचे गुणगान गैरलागू आहे.

एक योगायोग इथे सांगण्यासारखा आहे. ऑक्सफर्डच्या एक्झिटर कॉलेजमधल्या घोडेस्वारीच्या शौकीन विद्यार्थ्यांनी १८५० मध्ये, घोड्यांच्या स्टीपलचेसला कंटाळून, तीच शर्यत पायी धावायची ठरवली. हॅलिफॅक्स वायट जिंकला. कुंपणे आणि पाण्याचे चर ओलांडत धावण्याचा तो प्रकार पुढे तीन हजार मीटर स्टीपलचेस झाला. आज त्यात भारताचे नाव ज्याच्यामुळे घेतले जाते, तो अविनाश साबळे बीड जिल्ह्यातल्या आष्टी तालुक्यातल्या मांडव्याचा, वीटभट्टीवर राबलेल्या आईवडिलांचा मुलगा. बारावीनंतर तो सैन्यात गेला, महार रेजिमेंटमध्ये, आणि तिथे त्याचे धावणे खऱ्या अर्थाने सुरू झाले. २०२२ मध्ये बर्मिंगहॅमला राष्ट्रकुल रौप्य मिळवताना त्याने ८ मिनिटे ११.२० सेकंद अशी वेळ दिली. पॅरिसला तो ऑलिंपिकच्या अंतिम फेरीत धावला, अकरावा आला. हौशींच्या १८६८ च्या नियमांत वीटभट्टीवरच्या माणसाला ऑक्सफर्डच्या पोरांच्या या खेळात उतरता आले नसते.

पण मला साबळेपेक्षा त्याच्यासारख्या, सैन्यात न पोचलेल्या मुलांची चिंता जास्त आहे. जागतिक संघटनेचे पन्नास हजार डॉलर सुवर्ण जिंकल्यावर मिळतात. आपल्या राज्याचे कोट्यवधी रुपये पदक गळ्यात पडल्यावर मिळतात. दोन्ही रकमा त्या मुक्कामावर मिळतात जिथे पोचेपर्यंत धावपटूची सात-आठ वर्षे दुसऱ्या कोणाच्या तरी पैशावर निघालेली असतात: आईच्या मजुरीवर, शिक्षकाच्या खिशावर, कोणाच्या गहाण घरावर. जिल्हा आणि राज्य पातळीवर पळणाऱ्या सोळा ते बावीस वर्षांच्या मुलामुलींना दरमहा खुराक, बूट, प्रवास आणि दुखापतीचा उपचार एवढे थेट मिळाले, तर त्याला येणारा खर्च एका पदकाच्या सत्कारसमारंभापेक्षा फार मोठा नसेल. तो देताना कोणाची हौस किती शुद्ध आहे, हे तपासण्याचे कारण नाही. वेळ तपासावी, आणि त्यासाठी घड्याळ आहेच.